शिक्षणावर पहिला माहितीपट करताय? कॅमेरा तिसऱ्या भेटीनंतर बाहेर काढा

इंदूरमध्ये विशीतल्या मुलामुलींचे पहिलेवहिले माहितीपट माझ्याकडे संकलनाला येतात. दहातल्या सहांचा विषय शिक्षण आणि संधी हाच असतो. सुरुवातीला शाळेची घंटा, मग फळ्यावर फिरणारा खडू, मग 'मुझे आईएएस बनना है' म्हणणारी मुलगी आणि शेवटी एखाद्या प्राध्यापकांचं पाच मिनिटांचं भाषण. बारा मिनिटं बघूनही त्या मुलीच्या घरी पाणी कोण भरतं, फी कोण भरतं आणि ती शाळेत कशी पोचते, हे कळत नाही. करणाऱ्यांची तळमळ खरी असते, मेहनतही असते. कामाचा क्रम मात्र उलटा झालेला असतो. आधी चित्रीकरण, मग माणसांची ओळख, परवानगी सगळ्यांत शेवटी, आणि आवाजाचा विचार संकलनाच्या खोलीत.

म्हणून हा क्रम लिहून काढते आहे. एक-दोघांची टीम, मोबाइल किंवा साधा कॅमेरा आणि दहा ते पंधरा मिनिटांची फिल्म, असं गृहीत धरलं आहे.

टप्पा १ : विषयाचा प्रश्न करा

'वंचित मुलांचं शिक्षण' या विषयावर फिल्म होत नाही, निबंध होतो. एक ओळीचा प्रश्न लिहा. त्यात माणूस, जागा आणि तारीख असायला हवी. इंदुरातलीच तीन उदाहरणं देते.

शिक्षण हक्क कायद्याच्या (आरटीई) कलम १२(१)(क) प्रमाणे विनाअनुदानित खाजगी शाळांत प्रवेशाच्या वर्गातल्या किमान २५ टक्के जागा दुर्बल आणि वंचित घटकांतल्या मुलांसाठी असतात. पण हा कायदा ६ ते १४ वर्षांच्या मुलांचा आहे, त्यामुळे मोफत शिक्षणाची हमी आठवीपर्यंतच. मग प्रश्न असा: आठवी संपलेली ही मुलगी एप्रिलमध्ये नववीच्या कुठल्या वर्गात बसेल, आणि पैसे कोण भरेल?

दुसरा प्रश्न भंवरकुआ चौकातला, म्हणजे स्पर्धा परीक्षांच्या क्लासेसच्या भागातला. झाबुआ, अलीराजपूर, बडवानीकडून राज्यसेवेच्या तयारीला आलेला मुलगा एका खोलीत तिघांबरोबर राहतो, महिन्याच्या भाड्यावर 'लायब्ररी'तली खुर्ची घेतो. घरून पैसे येणं थांबलं की तो तयारी सोडतो, की जेवण कमी करतो?

तिसरा मिल भागातला. हुकुमचंद मिल १९९१ च्या डिसेंबरमध्ये बंद पडली आणि कामगारांना थकलेली देणी मिळायला २०२३ चा डिसेंबर उजाडला. मिल बंद झाली तेव्हा पाचवीत असलेली नंदानगर-परदेशीपुऱ्यातली मुलं आज पंचेचाळिशीच्या आसपास आहेत. त्यांची शाळा कितवीत सुटली आणि त्यांच्या मुलांची कितवीपर्यंत पोचली?

तपासा: तुमच्या प्रश्नाचं उत्तर तुम्हाला आधीच ठाऊक असेल तर प्रश्न बदला. मनातलं उत्तर लोकांच्या तोंडून वदवून घेतलेली फिल्म पहिल्या दोन मिनिटांत ओळखू येते.

टप्पा २ : कागद वाचा, मग रांगेत उभे राहा

संधी कॅमेऱ्यात दिसत नाही. फॉर्म दिसतो, झेरॉक्स दिसते, बसचं भाडं दिसतं. तेव्हा ज्या प्रक्रियेवर फिल्म करायची ती शेवटपर्यंत समजून घ्या. आरटीईच्या प्रवेशाचं उदाहरण घेऊ. मध्य प्रदेशात हे काम राज्य शिक्षा केंद्राच्या पोर्टलवरून चालतं. अर्ज, कागदपत्रांची पडताळणी, ऑनलाइन सोडत आणि मग मिळालेल्या शाळेत जाऊन प्रवेश. अर्जाला मुलाचा नऊ आकडी समग्र आयडी, म्हणजे मध्य प्रदेश सरकारचा ओळख क्रमांक, लागतो. वाचताना हे सोपं वाटतं. एकदा एमपी ऑनलाइनच्या कियॉस्कवर, म्हणजे सरकारी अर्ज भरून देणाऱ्या दुकानात, सकाळभर बसून बघा.

मी बसले होते. एक आई प्लॅस्टिकच्या पिशवीत घडी घालून ठेवलेले कागद एकेक करून काउंटरवर मांडत होती. समग्रमध्ये मुलीचं नाव 'किरन', आधारवर 'किरण'. दुकानातला मुलगा म्हणाला, 'पहले ये ठीक कराओ.' तिनं कागद पुन्हा त्याच घड्यांवर दुमडले, पिशवीची गाठ मारली आणि विचारलं, 'आज ही हो जाएगा क्या? कल की छुट्टी नहीं मिलेगी.' त्या दिवशी माझ्याजवळ कॅमेरा नव्हता, आणि नव्हता तेच बरं झालं. पण कॅमेरा कुठे लावायचा हे मला तिथे कळलं.

या टप्प्यातली कामं: ज्या शाळेबद्दल बोलणार तिचा अकरा आकडी यू-डायस कोड (शाळेचा सरकारी नोंदीतला क्रमांक) शोधून विद्यार्थी, शिक्षक आणि खोल्यांची नोंद बघा. एखादा आकडा उपलब्ध नसेल तर माहितीच्या अधिकारात अर्ज करा, पण उत्तराची मुदत ३० दिवसांची असते, त्यामुळे हे काम पहिल्याच आठवड्यात उरका.

आणि दिनदर्शिका आखा. सत्र १ एप्रिलला सुरू होतं, मे महिना सुट्टीचा, जूनमध्ये पुन्हा शाळा, बोर्डाच्या परीक्षा फेब्रुवारी-मार्चमध्ये. पुष्कळ जण मे महिन्यात मोकळे असतात म्हणून तेव्हा शूटिंग ठरवतात आणि शाळेला कुलूप असतं.

टप्पा ३ : तीन भेटी, कॅमेऱ्याशिवाय

पहिल्या भेटीत फक्त ओळख. तुम्ही कोण, फिल्म कशाबद्दल, कोण बघेल, तुम्हाला त्यातून पैसे मिळणार आहेत का, हे सगळं सांगा. दुसऱ्या भेटीला वेगळ्या वेळी जा. सकाळी गेला असाल तर संध्याकाळी जा, म्हणजे घरातली बाकीची माणसं भेटतील. तिसऱ्या भेटीत मुलाबरोबर घरापासून शाळेपर्यंत चालत जा. रस्ता ओलांडायला किती वेळ लागतो, दप्तर कोण उचलतं, मैत्रीण कुठल्या कोपऱ्यावर भेटते, हे घड्याळ लावून लिहा. तुमच्या फिल्मचा निम्मा आराखडा या चालण्यात तयार होतो.

काही वस्त्यांत नर्मदेचं पाणी एक दिवसाआड येतं. एका घरी तिसऱ्या भेटीत मला कळलं की पाण्याच्या दिवशी थोरली मुलगी पहिल्या तासाला पोचतच नाही. हजेरीच्या वहीतल्या खुणा त्याच दिवसांच्या होत्या. आधीच्या दोन भेटींत मी 'अभ्यास कसा चाललाय' एवढंच विचारत राहिले होते.

इशारा: आपल्या घरी काम करणाऱ्या मावशींच्या मुलीवर फिल्म करू नका. राजेंद्रनगर-रामबागेतल्या आपल्या मराठी घरांतून आलेली बरीच मुलं हीच कथा घेऊन येतात, कारण ती जवळची वाटते. पण ज्यांचा पगार तुमच्या आईच्या हातून जातो, त्या मावशी तुम्हाला 'नको' म्हणूच शकत नाहीत. त्यांनी हसून 'हो भैया, बना लो' म्हटलं तरी ती संमती नव्हे.

टप्पा ४ : परवानगी

इथे सगळ्यांत जास्त नुकसान होतं, म्हणून सविस्तर लिहिते.

संमतिपत्र त्या घरात बोलल्या जाणाऱ्या भाषेत लिहा. बहुतेकदा साध्या हिंदीत, एका पानात. स्वतः वाचून दाखवा आणि वाचतानाचा आवाज रेकॉर्ड करा. त्यात पाच गोष्टी हव्यात: काय चित्रित करणार, कुठे दाखवणार, इंटरनेटवर टाकणार की नाही, काय दाखवणार नाही, आणि नाव मागे घ्यायची शेवटची तारीख. ही तारीख खरीखुरी लिहा. 'कधीही सांगा' असं म्हटलं की कुणी सांगत नाही. सहीच्या कागदाचा फोटो लगेच त्यांच्या व्हॉट्सॲपवर पाठवा.

पालकांची सही झाली तरी मुलाला वेगळं विचारायचं. मोठी माणसं आसपास नसताना, पण दार उघडं ठेवून. मुख्याध्यापकांच्या खोलीत तर कधीच विचारायचं नाही.

हे मी स्वतः चूक करून शिकले आहे. माझ्या दुसऱ्या फिल्ममध्ये सातवीतली एक मुलगी होती. वडिलांची सही होती, शाळेचं पत्र होतं, सगळं कागदोपत्री व्यवस्थित. तिच्या वर्गात मात्र कुणाला माहीत नव्हतं की ती आरटीईच्या जागेवर आहे, आणि ते तसंच राहावं असं तिला वाटत होतं. मी तिला विचारलंच नाही. एका दृश्यात चार सेकंद तिच्या गणवेशावरचा शाळेचा बिल्ला दिसत होता. साठ-सत्तर जणांसमोर फिल्म दाखवली, त्यात तिच्या वर्गातल्या एका मुलाचे पालक बसले होते. दोन आठवडे ती शाळेत गेली नाही. आम्ही ते दृश्य काढलं, चेहरा काढला, पण बघणाऱ्यांनी बघितलं होतं. आजही संकलन करताना गणवेश दिसला की मी चित्र थांबवून बिल्ला तपासते.

शाळेच्या आवारासाठी खाजगी शाळेत मुख्याध्यापकांची किंवा व्यवस्थापनाची लेखी परवानगी घ्या. सरकारी शाळेसाठी अर्ज जिल्हा शिक्षण अधिकाऱ्यांच्या कार्यालयात द्या आणि पोच घ्या. नुसत्या 'कर लीजिए' वर जाऊ नका, बदली झाली की नवे साहेब तुम्हाला ओळखत नाहीत.

इशारा: बालगृहातली, गुन्ह्याला बळी पडलेली किंवा कायद्याच्या कचाट्यात सापडलेली मुलं असतील तर ओळख पटेल असं काहीही दाखवता येत नाही. बाल न्याय कायदा २०१५ चं कलम ७४ नाव, पत्ता, शाळा सगळं झाकतं, आणि उल्लंघनाला सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. पॉक्सोच्या, म्हणजे मुलांवरच्या लैंगिक अत्याचारांविरुद्धच्या कायद्याच्या, प्रकरणांतही ओळख उघड करायला बंदी आहे. अशा वेळी फक्त चेहरा धूसर करून भागत नाही. आवाज, गल्ली, आजीचं घर यांवरूनही ओळख पटते.

पैशांबद्दल माझं मत स्पष्ट आहे. बोलण्याचे पैसे देऊ नयेत. पण तुमच्यासाठी कुणाची दिहाडी बुडत असेल तर तेवढी भरून द्यावी, आधी ठरवून आणि लिहून, आणि ती व्यक्ती काय बोलेल याच्याशी त्याचा संबंध नाही हे सांगून. त्याहून बरं म्हणजे त्यांच्या सुट्टीच्या दिवशी जावं.

टप्पा ५ : सामान आणि सेटिंग

यात फार वेळ घालवू नका. मोबाइल असेल तर विमान मोड लावा आणि चित्रण सेकंदाला २५ फ्रेमवर ठेवा, शटर १/५०. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची आहे. मोबाइलचं मूळ सेटिंग ३० फ्रेमचं असतं, त्यावर ट्यूबलाइटखाली चित्र लुकलुकतं आणि ते नंतर नीट करता येत नाही. १०० एमबीपीएस दरानं तासाला सुमारे ४५ जीबी भरतात. म्हणजे ६४ जीबीचं कार्ड सव्वा तासाच्या थोडं पुढे संपतं. दोन कार्डं ठेवा.

कॅमेऱ्यावर खर्च करायच्या आधी कॉलरचा माइक घ्या. चित्र थोडं हललं तर प्रेक्षक चालवून घेतो, बोलणं ऐकू आलं नाही तर उठून जातो.

टप्पा ६ : चित्रीकरणाचा दिवस

क्रम असा ठेवा: आवाज, मग जागा, मग चित्र, आणि सगळ्यांत शेवटी प्रश्न.

खोलीत शिरल्यावर एक मिनिट डोळे मिटून ऐका. पंखा, कूलर, फ्रिज, शेजारचा टीव्ही, कुकर. मे-जूनमध्ये कूलर बंद केला तर दहा मिनिटांत माणूस घामेघूम होतो आणि उत्तरं आखूड होतात, म्हणून सकाळी लवकरची वेळ ठरवा आणि दर पंधरा मिनिटांनी थांबून कूलर लावा. फ्रिज बंद केलात तर स्वतःच्या स्कूटरची किल्ली फ्रिजमध्ये ठेवा. निघताना किल्ली घ्यायला जाल तेव्हा फ्रिज चालू करायचं आठवेल. ज्यांच्या घरचं अर्धा लिटर दूध आपल्या विसरण्यानं नासेल, त्यांना ते परवडणारं नसतं.

सकाळची कचरागाडी गाणं वाजवत कधी येते ते गल्लीत विचारून घ्या. इंदुरात ते गाणं मी इतक्या मुलाखतींत ऐकलं आहे की त्यामुळे वाया गेलेली चांगली वाक्यं मोजता येणार नाहीत. गणेशोत्सवाचे दिवस, अनंत चतुर्दशीच्या झाक्या (देखाव्यांची मिरवणूक) आणि रंगपंचमीची गेर (रंगांची मिरवणूक), या तारखांना मिल भागात किंवा राजवाड्याजवळ मुलाखत ठेवू नका.

माइक हनुवटीखाली वीतभर अंतरावर लावा. साडीच्या पदराला किंवा ओढणीला घासत नाही ना, ते हेडफोन लावून ऐका. आवाजाची पातळी साधारण उणे १२ डेसिबलच्या आसपास राहू द्या. मुलाखत संपली की सगळ्यांना गप्प बसवून त्या खोलीचा नुसता आवाज साठ सेकंद घ्या. संकलनात दोन वाक्यं जोडताना हाच कामाला येतो, आणि हेच सगळे विसरतात.

बसण्याची उंची सारखी ठेवा. मुलाखत देणारी व्यक्ती जमिनीवर बसली असेल तर तुम्ही आणि कॅमेरा, दोघंही जमिनीवर.

आता प्रश्न. 'तुम्हारा सपना क्या है?' हा प्रश्न कृपा करून सोडा. मुलांना कुठलं उत्तर अपेक्षित आहे ते ठाऊक असतं. त्याऐवजी असं विचारा:

– कल सुबह उठने से स्कूल पहुँचने तक क्या-क्या हुआ?
– फीस की पर्ची घर में कहाँ रखी है? दिखाओगे?
– पिछली बार स्कूल कब नहीं गए, उस दिन क्या हुआ था?
– घर में हिसाब कौन लिखता है?

उत्तर संपलं की मनात पाच मोजा. पुढचं वाक्य बहुतेक वेळा त्या पाचांत येतं, आणि तेच फिल्ममध्ये राहतं. माणूस रडू लागला तर कॅमेरा जवळ नेऊ नका. थांबवू का, असं विचारा. थांबवा म्हणाले तर खरोखर थांबवा, लाल दिवा चालू ठेवून नाही.

घरात निमाडी किंवा भिली बोलत असतील तर आईचं बोलणं मुलाला भाषांतर करायला लावू नका. मुलासमोर आई फीबद्दल वेगळं बोलते. त्याच भागातल्या कुणाला तरी बरोबर न्या.

तपासा: निघण्यापूर्वी हातांची दृश्यं घेतली का? पिशवीतले कागद, डबा, चुरगळलेली पावती, चप्पल. कागद घेताना आधार, समग्र आणि मोबाइलचे आकडे बोटानं झाकायला सांगा. नंतर धूसर करू म्हणता आणि एक फ्रेम सुटून जाते.

टप्पा ७ : त्याच संध्याकाळी

कार्ड रिकामं करण्यापूर्वी तीन प्रती: दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर आणि त्यातली एक दुसऱ्या घरात. फोल्डरला तारीख आणि जागेचं नाव द्या, माणसाचं नाव नको. मग दिवसभरात जे दिसलं पण चित्रित झालं नाही, ते अर्धा पान लिहा. पुढच्या भेटीत काय घ्यायचं ते यातूनच कळतं.

टप्पा ८ : संकलन कागदावर सुरू करा

सगळ्या मुलाखती शब्दशः उतरवा, वेळेच्या नोंदीसह. कंटाळवाणं काम आहे, पण यानं महिनाभराची धडपड वाचते. छापील कागदावर रंगीत पेन्सिलीनं खुणा करून क्रम लावा आणि मग टाइमलाइन उघडा.

पहिल्या कटमध्ये संगीत नको. करुण बासरी लावली की प्रत्येक गरीब घर सारखंच दिसू लागतं. संगीताशिवाय दृश्य उभं राहत नसेल तर त्यात काहीतरी कमी आहे, आणि बहुतेकदा ते परत जाऊन घ्यावं लागतं. तज्ज्ञांची मुलाखत घेतली असेल तर ती काढून फिल्म एकदा बघा. आईच्या बोलण्यात तेच आधी आलेलं असेल तर तज्ज्ञांना धन्यवाद द्या आणि बाहेर ठेवा.

निवेदनातला प्रत्येक आकडा आणि वर्ष वहीत लिहून समोर पुरावा चिकटवा. ज्याला पुरावा नाही तो आकडा काढा.

उपशीर्षकं एका वेळी दोन ओळींपर्यंत, पडद्यावर सहा सेकंदांहून जास्त नको. मराठी उपशीर्षकं देताना निमाडी बोलणाऱ्या बाईंच्या तोंडी पुस्तकी मराठी घालू नका. 'आर्थिक अडचणींमुळे' असं त्या म्हणत नाहीत. त्या म्हणाल्या की पैसे नव्हते, तर तसंच लिहा.

तपासा: मागे टीव्हीवर किंवा रिंगटोनमध्ये सिनेमाचं गाणं आलंय का? आलं असेल तर दृश्य बदला. इंटरनेटवर टाकल्यावर हक्काची तक्रार येते आणि फिल्म खाली उतरते.

टप्पा ९ : आधी त्यांना दाखवा

महोत्सवाला पाठवण्याच्या आधी, मित्रांना लिंक देण्याच्याही आधी, त्या घरी जाऊन फिल्म दाखवा. लॅपटॉप आणि एक बरा स्पीकर पुरतो. मागे बसा, पडद्याकडे न बघता त्यांच्याकडे बघा, आणि कुठे कोण अस्वस्थ होतं ते लिहा. ही भेट संमतिपत्रातल्या शेवटच्या तारखेच्या किमान आठवडाभर आधी व्हायला हवी, नाहीतर त्या तारखेला अर्थ राहत नाही.

एका घरी आईंनी बाकी काही म्हटलं नाही, फक्त फाटका पडदा दिसतो ते दृश्य काढायला सांगितलं. माझ्याबरोबरच्या मुलाला ते दृश्य फार आवडलं होतं, प्रकाश सुंदर होता. त्यानं दोन दिवस वाद घातला. मी ते काढायला लावलं. पडदा त्यांचा होता.

मग वस्तीत दाखवा, मग शिक्षकांना, आणि नंतर बाहेर. महोत्सवांच्या तारखा आधी बघून ठेवा; मुंबईचा आंतरराष्ट्रीय माहितीपट महोत्सव वर्षाआड होतो, म्हणजे एक संधी हुकली तर दोन वर्षं थांबावं लागतं. चित्रपटगृहात जाहीर प्रदर्शन करायचं असेल तर सेन्सॉर प्रमाणपत्र लागतं, त्याचा वेळ वेगळा धरा.

आणि शेवटची फेरी विसरू नका. फिल्म पेन ड्राइव्हवर द्या, पण त्याबरोबर चित्रीकरणात चांगले आलेले घरच्यांचे तीन-चार फोटो कागदावर छापून द्या. पेन ड्राइव्ह लावायला बऱ्याच घरांत काही नसतं.